टॅलाडेगाचा नकार

१३ सप्टेंबर १९६९, शनिवार. अमेरिकेच्या अलाबामा राज्यात टॅलाडेगा येथे मोटारशर्यतींसाठी बांधलेला नवाकोरा मार्ग दुसऱ्या दिवशीच्या मोठ्या शर्यतीसाठी सज्ज होता. तिकिटे विकली गेली होती. दूरदूरच्या गावांहून लोक येऊन पोहोचत होते. नेमक्या त्याच दिवशी देशातील बहुतेक नामवंत चालक आपल्या मोटारी वाहून नेणाऱ्या गाड्यांवर चढवून घराच्या वाटेला लागले. त्यांचे कारण एका वाक्यात सांगता येण्यासारखे होते : या वेगाला आमचे टायर टिकत नाहीत.

ही घटना क्रीडेच्या इतिहासात नोंदली गेली आहे. ती आरोग्याच्या दृष्टीनेही वाचण्याजोगी आहे. कोणत्याही यंत्राची आणि कोणत्याही शरीराची खरी क्षमता त्यातील सर्वांत दुबळ्या दुव्याएवढीच असते, हे तिच्यातून फार स्पष्टपणे दिसते.

नवा मार्ग, जुने टायर

‘स्टॉक कार’ म्हणजे बाजारात विकल्या जाणाऱ्या मोटारीचे रूप घेऊन शर्यतीसाठी तयार केलेली गाडी. या शर्यतींचे नियमन करणाऱ्या ‘नॅसकार’ या संस्थेचे संस्थापक बिल फ्रान्स यांनी हा मार्ग बांधला होता. त्याची लांबी २.६६ मैल, म्हणजे सुमारे ४.२८ किलोमीटर. वळणांवर त्याची बाहेरची कड इतकी उंच की रस्ता ३३ अंशांनी कललेला. अशा कलत्या वळणावर वेग फारसा कमी न करता गाडी हाकता येते. सरावाच्या दिवसांत चार्ली ग्लॉट्झबाख याने ताशी १९९.४६६ मैल, म्हणजे जवळजवळ ३२१ किलोमीटर वेग गाठला.

परंतु या वेगाची किंमत टायर मोजत होते. उंच कलाच्या वळणावर गाडी रस्त्याशी दाबली जाते आणि टायरवर येणारा भार तिच्या वजनाच्या सुमारे दुप्पट होतो. प्रत्येक फेऱ्यात टायरचे रबर दबते, पुन्हा फुगते आणि या सततच्या हालचालीतून उष्णता निर्माण होते. ती बाहेर पडण्याच्या वेगापेक्षा अधिक वेगाने साठत गेली की रबराचे थर एकमेकांपासून सुटू लागतात. काही मोजक्या फेऱ्यांतच टायरांच्या चिंध्या होऊ लागल्या. टायर पुरवणाऱ्या दोन कंपन्यांपैकी एकीने माघारच घेतली.

चालकांना या धोक्याची कल्पना पुस्तकातून आलेली नव्हती. १९६४ मध्ये जिमी पार्डू आणि १९६५ च्या आरंभी बिली वेड हे दोघे टायरांच्या चाचण्या घेत असतानाच अपघातात मरण पावले होते. चालकांच्या नव्या संघटनेचा अध्यक्ष रिचर्ड पेटी याचे वडील ली पेटी १९६१ मध्ये डेटोना येथे मरणाच्या दारातून परतले होते. १९६७ साली एकाच मोसमात २७ शर्यती जिंकलेल्या माणसाला कोणी भित्रा म्हणू शकत नव्हते. म्हणूनच त्याच्या नकाराला वजन होते.

दोन्ही बाजू

बिल फ्रान्स यांची बाजूही समजून घ्यावी लागेल. आदल्या काही दिवसांत त्यांनी वयाच्या साठीच्या उंबरठ्यावर स्वतः गाडी घेऊन मार्गावर फेऱ्या मारल्या आणि मार्ग सुरक्षित असल्याचे दाखवण्याचा प्रयत्न केला. त्यांचे म्हणणे साधे होते : टायर टिकत नसतील तर हळू चालवा.

वरवर पाहता हा सल्ला निर्दोष वाटतो. पण शर्यतीत ‘हळू’ या शब्दाला अर्थ नसतो. एकाने वेग कमी केला तर दुसरा पुढे जातो आणि दुसरा पुढे जातो म्हणून पहिलाही पुन्हा वेग वाढवतो. प्रत्येकाला धोका दिसत असूनही एकट्याने थांबणे कोणालाच परवडत नाही. म्हणून चालकांनी एकट्याने हळू होण्याऐवजी सर्वांनी मिळून थांबण्याचा मार्ग निवडला.

१४ तारखेला शर्यत झालीच. राहिलेले मोजके चालक आणि लहान गटाच्या मोटारी मिळून ३६ गाड्या उतरल्या. अधूनमधून पिवळे निशाण दाखवून शर्यतीचा वेग मुद्दाम उतरवला जात होता आणि टायर तपासून बदलले जात होते. रिचर्ड ब्रिकहाउस हा तरुण चालक संघटनेतून बाहेर पडून शर्यतीत उतरला होता. तो जिंकला, या सर्वोच्च श्रेणीतील त्याचा तो एकमेव विजय ठरला. त्याचा सरासरी वेग ताशी १५३.७७८ मैल होता आणि कोणाचाही बळी गेला नाही.

मग नकार चुकीचा होता काय? तसे म्हणता येत नाही. ती शर्यत निर्विघ्न पार पडली ती वेग रोखला गेला आणि वारंवार थांबून टायर पाहिले गेले म्हणून. चालक जे सांगत होते, तेच त्या दिवशी वेगळ्या रीतीने अमलात आले. पुढच्याच वर्षी, १९७० मध्ये, इंजिनात जाणारी हवा कमी करून वेगाला आळा घालणारी पट्टी नॅसकारने प्रथम वापरात आणली. चालकांची संघटना मात्र फार काळ टिकली नाही.

शरीराचीही सीमा

टायरप्रमाणेच शरीरही भार सोसत असते. अशा वळणावर ७० किलो वजनाच्या चालकाला आपण दीडशे किलोंचे झालो आहोत असे वाटते. शिरस्त्राणासह डोके सावरताना मानेचे स्नायू थकतात. गाडीच्या आतील तापमान ५० अंश सेल्सिअसच्याही वर जाते आणि एका लांब शर्यतीत घामावाटे शरीरातील दोन-तीन किलो पाणी निघून जाऊ शकते. पाणी कमी झाले की लक्ष विचलित होते, प्रतिक्रिया मंदावते आणि निर्णय चुकतो.

२००१ मध्ये टेक्सासमधील एका कलत्या मार्गावर वेगळ्या प्रकारच्या मोटारींची शर्यत ऐन वेळी रद्द करावी लागली. सरावात बहुसंख्य चालकांना भोवळ येत असल्याचे डॉक्टरांच्या लक्षात आले होते. यंत्र चालू शकत होते. माणूस चालू शकत नव्हता. त्याच वर्षी डेल अर्नहार्ट याचा डेटोना येथे कवटीच्या तळाचे हाड मोडून मृत्यू झाला आणि त्यानंतर डोके व मान सावरणारे साधन सक्तीचे झाले. क्रीडाक्षेत्रातील पुष्कळशी सुरक्षा अशी कोणाच्या तरी जाण्यानंतर आली आहे. टॅलाडेगाचे वेगळेपण हे की तेथे माणसे अपघाताच्या आधी थांबली.

आपल्या रस्त्यावर

आपल्याकडेही नवे, रुंद, सरळ रस्ते झाले आहेत. ७०१ किलोमीटरचा मुंबई-नागपूर समृद्धी महामार्ग जून २०२५ मध्ये संपूर्ण खुला झाला. तेथे मोटारींना ताशी १२० किलोमीटरची मर्यादा आहे. रस्ता नवा असला तरी आपल्या गाडीचे टायर तेच, गावातल्या खड्ड्यांतून झिजलेले असतात. तेव्हा सहकुटुंब निघण्यापूर्वी काही गोष्टी अवश्य पाहाव्यात.

टायरमधील हवा गाडी चालवण्यापूर्वी, टायर थंड असताना मोजावी आणि गाडीच्या दारालगतच्या पट्टीवर छापलेल्या प्रमाणात ठेवावी. ‘उन्हाळा आहे, हवा थोडी कमीच ठेवा’ हा सल्ला घातक आहे. हवा कमी असलेला टायर अधिक दबतो आणि म्हणून अधिक तापतो. तापलेल्या टायरमधून हवा सोडू नये. टायरच्या बाजूवरील शेवटचे चार अंक त्याच्या निर्मितीचा आठवडा व वर्ष सांगतात. ‘२३१९’ म्हणजे २०१९ चा तेविसावा आठवडा. नक्षीची खोली १.६ मिलिमीटरपेक्षा कमी झाली असेल, बाजूला फुगवटा किंवा चिरा दिसत असतील, तर तो टायर बदलावा. राखीव टायरही तपासावा. सामान व माणसे गाडीच्या क्षमतेत असावीत.

चालवणाऱ्याचीही अशीच पाहणी व्हावी. दर दोन तासांनी थांबावे, पाणी प्यावे, चार पावले चालावे. डोळे जड होऊ लागले तर खिडकी उघडून किंवा गाणी लावून झोप हटत नाही. गाडी सुरक्षित जागी थांबवून थोडी डुलकी घ्यावी. दुर्दैवाने टायर फुटलाच तर ब्रेक दाबून धरू नये. चाक दोन्ही हातांनी घट्ट धरून गाडी सरळ ठेवावी, वेग आपोआप उतरू द्यावा आणि मग हळूहळू कडेला घ्यावी.

टॅलाडेगाच्या चालकांना हळू होण्याची मुभा नव्हती. ती मिळवण्यासाठी त्यांना शर्यतच सोडावी लागली. आपल्याला ती मुभा आयती मिळालेली आहे. रस्त्यावर आपली कोणाशीही शर्यत नसते. शेजारची गाडी पुढे गेली तर बक्षीस तिला मिळत नाही, आणि आपण अर्धा तास उशिरा पोहोचलो तर घरची माणसे दारात थोडा वेळ अधिक थांबतात, इतकेच. मागच्या आसनावरून कोणी ‘जरा थांबू या’ म्हणाले, तर तो शब्द मानावा. त्या शनिवारी घरी परतलेल्या चालकांनी तेच केले होते.