लॅक्स्टन : बिनकुंपणाचे शिवार

इंग्लंडच्या नॉटिंगहॅमशायर परगण्यातील लॅक्स्टन या लहानशा गावाची ख्याती त्याच्या शिवारात आहे. मध्ययुगात त्या देशातील असंख्य गावांची जमीन विस्तीर्ण, बिनकुंपणाच्या शेतांत विभागलेली असे आणि प्रत्येक कुळाकडे त्यांतील ठिकठिकाणच्या लांबट पट्ट्या वहिवाटीस असत. परंतु अठराव्या-एकोणिसाव्या शतकांत पार्लमेंटने एकामागून एक कायदे करून ही सामायिक व्यवस्था मोडली, जमिनी एकत्र होऊन त्यांभोवती कुंपणे उभी राहिली आणि गोरगरिबांचे चराईचे हक्क लयास गेले. लॅक्स्टनमध्ये मात्र तीन खुली शेते आजही कसली जातात.

एका शेतात हिवाळी गहू, दुसऱ्यात वसंतातील पेरणी आणि तिसरे पडीत, असे त्रैवार्षिक चक्र तेथे पूर्वापार चालत आले. हिवाळ्याच्या आरंभी पंच गव्हाच्या शेतात फिरून हद्दीच्या खुंट्या ठोकतात, सामायिक गवताच्या पट्टीवर वा वाटेवर कोणी नांगर चालवला आहे काय ते पाहतात, आणि पुढे भरणाऱ्या ग्रामन्यायसभेत अतिक्रमण करणाऱ्यास दंड ठरतो. ज्यांचे पोट त्याच मातीवर आहे त्यांनीच तिचा निवाडा करावा, ही रीत मला फार मोलाची वाटते.

१६३५ साली मार्क पिअर्सने केलेला गावाचा तपशीलवार नकाशा ऑक्सफर्डच्या बॉडलियन ग्रंथालयात आहे. १९५२ साली सरकारच्या कृषिखात्याने ही जमीन विकत घेतली, १९८१ मध्ये ती क्राउन इस्टेटकडे गेली आणि २०२० साली थोर्स्बी इस्टेटकडे आली. मालक बदलले, न्यायसभा मात्र आजही दरसाल भरते.