मुलीला विचारलं होतं का?

महाडमधलं एक घर. नात्यातलं आहे, म्हणून नावं लिहीत नाही. जुलै २०२१ च्या महापुरात सावित्रीचं पाणी दुकानात आणि घरात शिरलं, माल आणि कपाटं चिखलात गेली. तेव्हा पोलादपूरच्या फुफीच्या मुलाने कुवेतहून पैसे पाठवले, तेही न मागता. दोन वर्षांनी फुफीने भाचीला सून म्हणून मागितलं. बापाच्या तोंडून 'इन्शाअल्लाह' निघून गेलं.

लेकीला कुणी विचारलंच नव्हतं. तिच्या मनात कॉलेजातला एक मुलगा होता, आपल्याच जमातीतला, साध्या घरचा.

रात्री दोघी बहिणी मोबाईलवर कोरियन मालिका बघत. आई आधी चिडायची, मग तीही शेजारी बसू लागली. तिथेही मुलं खानदानापुढे मान खाली घालून उभी असतात. त्या देशात एकच आडनाव आणि एकच मूळगाव असलेल्यांच्या लग्नाला कायद्याने बंदी होती, नातं कितीही दूरचं असलं तरी. १९९७ मध्ये तिथल्या घटना न्यायालयाने ही बंदी घटनाविरोधी ठरवली, २००५ मध्ये कायदा बदलला. आपल्याकडे उलट, फुफीच्या मुलाचा हक्क पहिला! पोरीची अडचण मात्र तीच.

आपण कोकणी मुस्लिम बहुतेक शाफई. वलीशिवाय निकाह नाही, हे प्रत्येक बाप सांगतो. खन्सा बिन्त खिदाम (रजि.) यांची हकिकत क्वचितच कुणी सांगतो. त्या पूर्वविवाहित होत्या. वडिलांनी मनाविरुद्ध निकाह लावला, त्या पैगंबरांकडे (स.) गेल्या आणि तो निकाह रद्द झाला. बुखारी शरीफमध्ये आहे. कुमारिकेचीही परवानगी घ्यावी, तिची खामोशी हीच परवानगी, हेही हदीसमध्येच. पण आधी विचारलं असेल तरच खामोशीला अर्थ. आपण विचारतो कधी? पाहुणे जमलेले, देग उतरलेली, वकील आणि गवाह दारात. तेव्हा कोण 'नाही' म्हणेल?

इथे आईने वेळेवर विचारलं. भाकरी थापताना, नजर तव्यावर ठेवून. मुलगी रडली. म्हणाली, "अम्मा, त्यांचे पैसे मी कसे फेडू?"

बाप चार दिवस कुणाशी बोलला नाही. पाचव्या दिवशी एस.टी.ने एकटाच पोलादपूरला गेला. "आपा, चूक माझी. पोरीला न विचारता मी बोललो. पैसे मी फेडेन, ती नाही." फुफी चहा न देताच उठून आत गेली.

निकाहला ती आली नाही. कुवेतहून मुलाचा फोन आला, मुबारकबाद दिली, पैसे नकोत म्हणाला. बाप तरी दर महिन्याला फुफीच्या खात्यात भरतो. मागच्या ईदला इकडून शीरखुर्म्याचा डबा गेला. तो धुऊन परत आला, रिकामाच.