सोम म्हणजे अळंबी? आधी हे वाचा

वेदांतला सोम म्हणजे नशेची अळंबी, हा फॉरवर्ड आपल्या जुन्या जालन्यातल्या ग्रुपवरही अधूनमधून येतो. दावा हवेतला नाही. गॉर्डन वॅसन नावाच्या अमेरिकी बँकरनं १९६८ साली तो पुस्तकातून मांडला: भूर्जवृक्षाखाली उगवणारी, पांढऱ्या ठिपक्यांची लाल अळंबी हाच सोम. एलएसडीचा जमाना, त्यामुळे कल्पना लगेच उचलली गेली.

पुस्तक जरूर वाचा. त्यात वेंडी डोनिगर यांनी सोमाच्या शोधाचा जो इतिहास दिलाय, तो मला वॅसनच्या निष्कर्षापेक्षा मोलाचा वाटतो. वॅसनची मोठी भिस्त ऋग्वेदाच्या ९.७४.४ या ऋचेवर. सोम प्यालेल्यांच्या लघवीतही नशा उतरते, जशी या अळंबीची उतरते, असा अर्थ त्यानं काढला. (फॉरवर्डमध्ये हे कधीच नसतं!) लंडनच्या 'सोआस'च्या बुलेटिनमध्ये जॉन ब्रफ यांनी १९७१ साली त्याला सविस्तर विरोध केला. तिथंच १९८९ मध्ये हॅरी फाल्क यांनी लिहिलं की सोम भास घडवणारा नव्हेच, जागं ठेवणारा, एफेड्रा या वनस्पतीसारखा. रात्रभर चालणारा अतिरात्र याग आठवा, मुद्दा पटतो.

आणि आपल्याकडचा पुरावा? पुण्यात संस्कृत शिकवणारे मार्टिन हाउग यांनी याज्ञिकांकडचा सोमरस स्वतः चाखला. १८६३ च्या 'ऐतरेय ब्राह्मणा'च्या आवृत्तीत ते सांगतात: कडू, किळसवाणा, थोडी नशा आणणारा, काही चमच्यांपलीकडे पिववला नाही. महाराष्ट्रातल्या यागांत वापरतात ती सोमवल्ली बिनपानांची, चिकाची वेल आहे, अळंबी नव्हे.