मेंढपाळाची पारख

ख्रिस्ती धर्माची ओळख आपल्याकडील सुशिक्षित घरांस बहुधा शाळा आणि रुग्णालयें यांच्या द्वारें झालेली आहे. मिरजेस डॉक्टर विल्यम वॉनलेस यांनीं १८९४ सालीं उघडलेलें रुग्णालय, रेव्हरंड टिळकांची कविता, लक्ष्मीबाईंचीं ‘स्मृतिचित्रें’ हीं आठवलीं, म्हणजे मनांत आदरच उत्पन्न होतो. तो आदर कायम ठेवून आज मी त्या धर्माच्या एका दुखऱ्या बाजूविषयीं बोलणार आहें. ख्रिस्ताच्या नांवानें माणसाच्या मनावर कधीं कधीं जी जखम केली जाते, ती ओळखावी कशी आणि ती भरून कशी निघते, हा आजचा विषय होय. ही टीका परधर्मीयांची आहे असें कोणी समजूं नये. हा विचार प्रथम ख्रिस्ती लोकांनींच केला, आणि त्यांतील कित्येकांनीं आपल्याच घरचा दोष उघड करण्याचें धैर्य दाखविलें आहे. शिवाय असा रोग एकाच धर्माला जडतो असेंही नाहीं. ज्याला त्याला आपल्या घरचें उदाहरण आठवेलच.

धर्मोपदेशांतील घातकपणा म्हटला, कीं जाणत्या माणसास जोन्सटाऊनची घटना आठवते. जिम जोन्स नांवाच्या उपदेशकानें अमेरिकेंतील इंडियानापोलिस शहरीं १९५५ च्या सुमारास आपली मंडळी स्थापिली. गोरे व काळे लोक तेथें एका बांकावर बसत, भुकेल्यांना जेवण मिळे. त्यामुळें पुष्कळ सज्जन माणसें तिकडे ओढलीं गेलीं. पुढें लोकांची मिळकत मंडळीच्या नांवें होऊं लागली, भर सभेंत माणसांची विटंबना होऊं लागली, आणि शेवटीं दक्षिण अमेरिकेंतील गयाना देशाच्या अरण्यांत वसविलेल्या वसाहतींतून बाहेर पडण्याची वाटच उरली नाहीं. १८ नोव्हेंबर १९७८ या एका दिवशीं ९१८ माणसें मेलीं. त्यांतील बहुतेक विष कालविलेल्या पेयानें. तीनशेंहून अधिक तर मुलें होतीं.

अशा भयंकर उदाहरणाचा एक तोटा आहे. तें ऐकून आपण निर्धास्त होतों. आमचे उपदेशक कांहीं विष पाजणारे नाहींत, असें म्हणून आपण विषय संपवितों. म्हणून दुसरें एक उदाहरण सांगतों. त्यांतील माणूस सौम्य, विद्वान् आणि जगानें वंदनीय मानलेला होता.

ज्याँ व्हानिए हे कॅनडाच्या एका गव्हर्नर जनरलचे पुत्र. त्यांनीं आरमारांतील नोकरी सोडली, तत्त्वज्ञानाचा अभ्यास केला आणि १९६४ सालीं पॅरिसच्या उत्तरेकडील एका खेड्यांत मंदबुद्धि माणसांना आपल्या घरीं आणून त्यांच्याबरोबर राहावयास आरंभ केला. त्या घराचें नांव ‘लार्श’, म्हणजे नोहाचें तारूं. अशीं घरें पुढें तीसहून अधिक देशांत निघालीं. आपल्या देशांत बंगलोर येथें १९७० सालीं ‘आशा निकेतन’ निघालें. व्हानिए यांना २०१५ सालीं टेंपल्टन पारितोषिक मिळालें. ते २०१९ सालीं वारले तेव्हां पुष्कळांनीं त्यांना जिवंतपणींच संत मानलेलें होतें.

पुढच्याच वर्षीं, फेब्रुवारी २०२० मध्यें, लार्श संस्थेनें स्वतः नेमलेल्या बाहेरच्या चौकशीचा निष्कर्ष प्रसिद्ध केला. अध्यात्मिक मार्गदर्शन मागण्यासाठीं आलेल्या सहा स्त्रियांशीं व्हानिए यांनीं अनुचित शरीरसंबंध ठेवले होते, आणि त्या संबंधांना गूढ अशा दैवी प्रेमाचा मुलामा दिला होता. २०२३ सालीं दुसरा, अधिक विस्तृत अहवाल निघाला. त्यांत अशा स्त्रियांची संख्या निदान २५ असल्याचें नमूद आहे. त्यांत मंदबुद्धि स्त्री एकही नव्हती. व्हानिए यांचे गुरु तोमा फिलिप या पुरोहितास अशाच वर्तनाबद्दल रोमच्या धर्माधिकाऱ्यांनीं १९५६ सालीं शिक्षा केलेली होती. ती शिक्षा कशासाठीं होती हें व्हानिए यांना ठाऊक होतें आणि त्यांनीं तें लपवून ठेविलें, असेंही या चौकशींतून बाहेर आलें.

त्या स्त्रियांनीं इतकीं वर्षें तोंड कां उघडलें नाहीं, असा प्रश्न सहज विचारला जातो. त्याचें उत्तर या रोगाच्या मुळाशींच आहे. अपमान करणारा मनुष्य जेव्हां देवाच्या वतीनें बोलत असतो, तेव्हां त्याच्याविरुद्ध बोलणें म्हणजे देवाविरुद्ध बोलणें, असें भोगणाऱ्याला वाटूं लागतें. तिची लाज, तिची शंका, तिचा राग हीं सर्व तिला आपलींच पापें वाटतात. चोरानें घरांत शिरून घरधन्याकडूनच दाराला कडी घालून घ्यावी, तसा हा प्रकार आहे.

यावरून ओळखण्याचीं कांहीं लक्षणें निश्चित करतां येतात. पहिलें आणि मुख्य लक्षण असें कीं, तेथें प्रश्न विचारणें हेंच पाप ठरतें. वास्तविक नव्या करारांतील ‘प्रेषितांची कृत्यें’ या पुस्तकांत बिरुया गांवच्या लोकांची प्रशंसा आहे. आणि ती कशाबद्दल, तर खुद्द पौलानें सांगितलेलें खरें आहे कीं नाहीं हें ते रोज शास्त्र उघडून पडताळून पाहत, याबद्दल. जेथें पौलाची परीक्षा चालते, तेथें एखाद्या पाळकाची कां चालूं नये?

दुसरें लक्षण, खासगी आयुष्याच्या किल्ल्या उपदेशकाच्या हातीं जाणें. १९७० नंतरच्या दशकांत अमेरिकेंतील फ्लॉरिडा प्रांतांत पांच उपदेशकांनीं एक चळवळ चालविली होती. प्रत्येक भाविकानें एका ‘मेंढपाळा’च्या आज्ञेंत राहावें अशी तिची शिकवण असे. नोकरी कोणती धरावी, लग्न कोणाशीं करावें, बिऱ्हाड कोठें करावें, हें सर्व मेंढपाळ ठरवी. त्या पांचांपैकीं बॉब मम्फर्ड यांनीं १९८९ सालीं या प्रकाराबद्दल जाहीर माफी मागितली. हेतु वाईट नव्हता, परंतु एका माणसाच्या विवेकाची जागा दुसऱ्या माणसाच्या हुकमानें घेतली, कीं हेतूची शुद्धता कामास येत नाहीं.

इतर लक्षणें थोडक्यांत सांगतां येतील. ‘हें आपल्या दोघांतच ठेव’ अशी गुप्ततेची गळ; पैशाचा हिशेब न दाखविणें; मंडळी सोडणाऱ्यास नरकाचें भय घालणें आणि त्याच्याशीं बोलण्याची इतरांस बंदी करणें; आणि आईबाप, भावंडें व जुने स्नेही यांच्यापासून माणसाला हळूहळू तोडणें. एक इशारा मात्र दिला पाहिजे. निव्वळ कडकपणा म्हणजे घातकपणा नव्हे. उपवास, नियम, पहाटेची प्रार्थना हीं माणसानें आपखुषीनें पत्करलीं आणि आपखुषीनें सोडतां आलीं, तर त्यांत अपाय नाहीं. मी आयुष्यभर मास्तरकी केली आहे. चांगल्या शिक्षकाची खूण अशी, कीं विद्यार्थ्याला त्याची गरज दिवसेंदिवस कमी वाटूं लागते. ज्या गुरूची गरज दिवसेंदिवस वाढतच जाते, त्याच्यापासून सावध असावें.

आतां जखम भरून येण्याविषयीं. ही जखम इतर जखमांहून अवघड असते, कारण जें औषध म्हणून लावावयाचें त्यानेंच ती झालेली असते. दुःखांत ज्या प्रार्थनेचा आधार घ्यावा, तीच प्रार्थना त्या माणसाचा आवाज कानांत घुमवूं लागते. कित्येकांना ओळखीचें स्तोत्र ऐकतांच छातींत धडकी भरते. अशा माणसाला ‘पुन्हां उपासनेला येत जा, म्हणजे बरें वाटेल’ असें सांगणें म्हणजे भाजलेल्या हाताला पुन्हां निखारा दाखविणें होय.

पहिली पायरी म्हणजे घडल्या गोष्टीला तिचें खरें नांव देणें, आणि तें ऐकून विश्वास ठेवणारा निदान एक मनुष्य मिळणें. दुसरी पायरी, देव आणि देवाच्या नांवानें बोलणारा मनुष्य यांची मनांत फारकत करणें. यहेज्केल संदेष्ट्याच्या ग्रंथाच्या ३४ व्या अध्यायांत कळपाचा सांभाळ न करतां स्वतःचेंच पोट भरणाऱ्या मेंढपाळांवर प्रत्यक्ष देवच कोपलेला आहे. ज्याला श्रद्धा हवी आहे त्याला यांत आधार सांपडतो, कारण देव तेथें मेंढराच्या बाजूनें उभा आहे. ज्याला श्रद्धेकडे परतावयाचें नाहीं, त्याच्यावर मात्र सक्ति असूं नये. कित्येकजण परततात, कित्येक परतत नाहींत, आणि बरे दोन्ही प्रकारचे होतात. तिसरी गोष्ट क्षमेची. ‘ख्रिस्तानें क्षमा केली, तूंही कर’ असें सांगून घाईनें पांघरूण घालण्याचा प्रकार फार होतो. क्षमा ही जखमी माणसानें आपल्या वेळेनें द्यावयाची देणगी आहे. ती मागून घेण्याचा अधिकार अपराध्यास किंवा त्याच्या संस्थेस नाहीं. शिवाय क्षमा केली म्हणून फिर्याद करूं नये, असें मुळींच नाहीं. मुलांवरील लैंगिक अत्याचाराबाबत तर आपल्या देशांत २०१२ च्या ‘पोक्सो’ कायद्याच्या १९ व्या कलमान्वयें, माहिती असणाऱ्यानें ती पोलिसांस कळविणें बंधनकारक आहे. हें प्रकरण मंडळीच्या पंचांपुढें मिटविण्याचें नव्हे. मन फारच खचलें असेल, तर मानसोपचार करणाऱ्या डॉक्टरांकडे जाण्यांत श्रद्धेची उणीव ठरत नाहीं.

संस्थांनाही बरें व्हावें लागतें, आणि तें सत्य सांगितल्यावांचून होत नाहीं. फ्रान्समधील कॅथॉलिक धर्माधिकाऱ्यांनींच नेमलेल्या स्वतंत्र आयोगानें ऑक्टोबर २०२१ मध्यें असा अंदाज प्रसिद्ध केला, कीं १९५० पासूनच्या ७० वर्षांत धर्मगुरूंच्या अत्याचारास बळी पडलेल्या मुलांची संख्या सुमारें २ लाख १६ हजार भरेल. हा आंकडा लज्जास्पद खरा. परंतु तो दडपून ठेवणें त्याहून लज्जास्पद झालें असतें.

प्रश्न विचारल्यानें श्रद्धा नष्ट होते, या भीतीला आपल्याच इतिहासांत उत्तर आहे. पंडिता रमाबाई १८८३ सालीं इंग्लंडांत वॉन्टेज येथील सेंट मेरी भगिनीमंडळाच्या आश्रयास गेल्या, आणि त्याच वर्षीं २९ सप्टेंबर रोजीं त्यांनीं बाप्तिस्मा घेतला. पुढें चेल्टनहॅम येथें असतां त्रैक्याच्या सिद्धांताविषयीं त्यांनीं शंका काढल्या. क्रूसावरील अक्षरें लॅटिनमध्यें कां, संस्कृतांत कां नकोत, असें विचारिलें. पुरुष विद्यार्थ्यांस त्यांनीं शिकवूं नये हें बिशपांचें मत त्यांना मानवलें नाहीं. वॉन्टेजच्या भगिनी जेराल्डाइन यांना हा हट्ट व अहंकार वाटला. त्या भगिनी दुष्ट नव्हत्या. रमाबाईंवर व त्यांच्या मुलीवर त्यांची माया होती. परंतु त्या मायेबरोबर आज्ञापालनाची मागणी होती, आणि एका पुरोहितवर्गाचें जूं मानेवरून उतरवून दुसऱ्याचें घ्यावयास रमाबाई तयार नव्हत्या. हा पत्रव्यवहार १९७७ सालीं पुस्तकरूपानें प्रसिद्ध झाला आहे. यानंतर त्यांची श्रद्धा गेली काय? १८८९ सालीं मुंबईस शारदा सदन निघालें, पुढें केडगांवचें मुक्तिसदन निघालें, आणि मूळ हिब्रू व ग्रीक भाषांवरून बायबल मराठींत उतरविण्यांत बाईंनीं आपल्या आयुष्याचीं शेवटचीं वर्षें वेंचलीं. प्रश्नांनीं त्यांची श्रद्धा मोडली नाहीं. ती त्यांची स्वतःची झाली.

तेव्हां आपल्या घरांतील किंवा शेजारचें कोणी एखाद्या पाळकाविषयीं, पुरोहिताविषयीं, बुवाविषयीं चांचरत कांहीं सांगूं लागलें, तर ‘एवढ्या थोर माणसाबद्दल असें बोलूं नये’ हें वाक्य तोंडाबाहेर पडूं देऊं नये. ज्याँ व्हानिए हेही थोरच मानले जात होते. दार लावून घ्यावें, शेजारीं बसावें आणि तें बोलणें शेवटपर्यंत ऐकून घ्यावें. बरें होण्यास तेथूनच आरंभ होतो.