माठाच्या पाण्यातून ओघळणारी हवा

मे महिन्यात चंद्रपूरहून मूलकडे निघालं की समोरचं डांबर पाण्यासारखं थरथरतं. पारा ४५च्या वर असतो. मृगजळ म्हणून आपण गाडी पुढे काढतो. पण तापलेली हवा करते काय, हे वर्गात डोळ्यांनी दाखवता येतं, आणि इथल्या प्रत्येक पोरानं ते पाहायलाच हवं, असं विज्ञान शिकवणारा माणूस म्हणून मला मनापासून वाटतं.

हवा तापली की विरळ होते आणि तिच्यातून जाणारा प्रकाश वेगळा वळतो. फरक इवलासा. हवेचा अपवर्तनांक १.०००३च्या आसपास, तापमान एक अंशानं बदललं तर त्यात दहा लाखांत एखादाच भाग हलतो. तो टिपण्याची रीत जर्मनीच्या ऑगस्ट टोपलरनं १८६४ मध्ये बसवली. तिला श्लीरेन म्हणतात. त्याआधी १८५८ मध्ये फूकोनं दुर्बिणीचे आरसे तपासायला धारदार पात्याची युक्ती काढली होती, मूळ तेच. घरी आरसा घासणाऱ्या हौशी मंडळींना ही चाचणी करताना मध्ये हात आला की हातावरची गरम हवा दिसते.

सामान थोडकं. सहा इंची, १२० सेंटिमीटर नाभीय अंतराचा अंतर्गोल आरसा. त्याच्या दुप्पट अंतरावर, म्हणजे २४० सेंटिमीटरवर, बारीक भोकामागे एलईडी. आरसा तो उजेड परत शेजारीच एका ठिपक्यात गोळा करतो. तिथं दाढीचं पातं उभं धरून निम्मा ठिपका झाकायचा आणि मागे मोबाइलचा कॅमेरा लावायचा. हवा शांत असेल तर आरसा एकसारखा करडा दिसतो. मध्ये गरम झोत आला की किरण जरासे सरकतात. काही पात्यावर अडतात, तिथं काळं पडतं, काही पातं चुकवतात, तिथं लख्ख होतं. पातं आडवं केलं तर वर चढणारे झोत फिके पडतात, म्हणून ते उभंच हवं.

डिसेंबरात नुसता तळहात धरला तरी बोटाबोटातून लाटा वर चढतात. "सर, हातातून धूर काहून निघून राह्यला?" असं पोरं विचारतात. तो धूर नसतो, अंगातली उष्णता बाहेर पडत असते. उन्हाळ्यात हाच प्रयोग पुन्हा करावा. खोलीतली हवा ३५-३६ अंशांवर आली की हातावरचा झोत मंदावतो, कारण त्वचेत आणि हवेत फरकच उरत नाही. मग माठाच्या गार पाण्यानं भरलेला स्टीलचा पेला ठेवायचा. त्याच्या अंगावरून गार हवा खाली ओघळते आणि टेबलावर पसरते. हे पाहताना वर्ग चिडीचूप होतो.

उष्माघात समजावायला मला याहून चांगलं साधन सापडलेलं नाही. हवा अंगापेक्षा गरम झाली की शरीराकडे उष्णता टाकायला घाम तेवढा उरतो. अंगात पाणी नसेल तर तोही आटतो. तेंदूपत्ता तोडणाऱ्या बायका पहाटेच जंगलात का शिरतात, हे मग सांगावं लागत नाही.

मोकळ्या जागी आरशाचं काम नाही. तिथं मागे ठिपक्यांचा कागद लावून हवा शांत असतानाचा आणि तापलेली असतानाचा असे दोन फोटो घेतात. ठिपके किती सरकले ते संगणक मोजतो. याच तत्त्वावर नासानं २०१९ मध्ये ध्वनीहून वेगवान विमानांभोवतीचे आघाततरंग दाखवले. मला मात्र तो कागद आधी शाळेच्या टिनपत्र्याखाली लावायचा आहे. पोरं दुपारभर बसतात त्या जागी तापलेली हवा कुठवर उतरते, ते पाहायचं आहे.