भावनगरचे दान, पुण्याची दुर्बीण

थंडीच्या दिवसांत सूर्यास्तापूर्वी जेवण आटोपले, की मी गच्चीवर जातो. सुरतेत दिव्यांचा उजेड आता फार. तरी आठच्या सुमारास पूर्वेला मृग नक्षत्र ओळखता येते. मृगाच्या पोटातला तीन ताऱ्यांचा बाण वाचकांना माहीत असेलच. त्याच्या जवळच, दक्षिणेकडे, काही फिकट ठिपके एका ओळीत आहेत. साध्या द्विनेत्री दुर्बिणीतून पाहिले तर त्यांतला मधला ठिपका धुरकट दिसतो. तो मृगातला तेजोमेघ.

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस या तेजोमेघावरून इंग्लंडमध्ये दोन नामवंत शास्त्रज्ञांत वाद पेटला होता, आणि त्यात एक महत्त्वाची साक्ष गेली ती पुण्याहून. त्या कामामागे पैसा होता भावनगरचा. हजिऱ्याहून बोटीने घोघ्याला उतरले, की जवळच असलेले हेच ते भावनगर! म्हणून ही हकिगत गुजरातेत पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या आपल्यासारख्या मराठी घरांत ठाऊक असायला हवी.

कावसजी दादाभाई नायगमवाला हे मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजात भौतिकशास्त्र शिकवीत. १८८२ साली भावनगरचे महाराज तख्तसिंहजी यांनी वर्णपटाच्या प्रयोगशाळेसाठी ५,००० रुपये दिले. मुंबई सरकारने तेवढीच भर घातली. पुढे नायगमवाला इंग्लंडला जाऊन आले आणि प्रयोगशाळेऐवजी वेधशाळाच उभारावी असे ठरले. त्यासाठी मुंबई सोयीची नव्हती. पुण्याच्या सायन्स कॉलेजात, म्हणजे पुढे सीओईपी म्हणून ओळखल्या गेलेल्या इंजिनिअरिंग कॉलेजात, १८८८ साली महाराजा तख्तसिंहजी वेधशाळा सुरू झाली. डब्लिनच्या ग्रब कंपनीची दुर्बीण तिथे बसली. पुढे तिला २० इंच व्यासाचा आरसा मिळाला आणि ती त्या काळची देशातली सर्वांत मोठी दुर्बीण ठरली.

आता तो वाद काय होता ते पाहू. लोलकातून प्रकाश गेला की त्याचे रंग वेगळे होतात. तापलेल्या विरळ वायूचा प्रकाश असेल, तर सलग पट्ट्याऐवजी ठरावीक जागी चमकत्या रेषा दिसतात. प्रत्येक मूलद्रव्याच्या रेषा त्याच्या स्वतःच्या. मृगातल्या तेजोमेघाच्या वर्णपटात एक ठळक हिरवी रेषा होती. नॉर्मन लॉकियर म्हणत, ती मॅग्नेशियमची. तेजोमेघ म्हणजे एकमेकांवर आदळणाऱ्या उल्कांचा थवा. विल्यम हगिन्स यांना ते मान्य नव्हते. मॅग्नेशियमची ती खूण एका कडेला स्पष्ट आणि दुसरीकडे विरत जाणारी असते. तेव्हा प्रश्न एवढाच उरला, की आकाशातली रेषा विरते की रेखीव राहते? नायगमवाला यांना ती प्रत्येक स्थितीत रेखीवच दिसली. १८९१ मध्ये त्यांनी ते प्रसिद्ध केले आणि हगिन्स यांच्या बाजूला बळ मिळाले. ती रेषा खरी कोणाची, हे मात्र १९२७ साली आयरा बोवेन यांनी उलगडले : दोन इलेक्ट्रॉन गमावलेल्या ऑक्सिजनची.

२२ जानेवारी १८९८ च्या खग्रास सूर्यग्रहणासाठी नायगमवाला आपली उपकरणे घेऊन सोलापूर जिल्ह्यातल्या जेऊरला गेले. अमेरिकेच्या लिक वेधशाळेची तुकडीही तिथेच उतरली होती. त्या वेधांचा अहवाल १९०२ मध्ये छापून निघाला.

आणि १९१२ साली नायगमवाला निवृत्त झाले, तशी वेधशाळा बंद झाली. सामान कोडाईकनालला रवाना झाले. ती मोठी दुर्बीण तिथेही बरीच वर्षे न उभारताच राहिली. स्वातंत्र्यानंतर ती उभी राहिली, 'भावनगर दुर्बीण' या नावाने. पुण्याचे नाव गळून गेले.

याच्या शेजारी कुलाबा वेधशाळा ठेवून पाहा. १८२६ साली स्थापन झालेल्या या वेधशाळेत १८४० च्या दशकापासून पृथ्वीच्या चुंबकत्वाची मोजमापे होत. मुंबईत विजेच्या ट्राम येणार असे ठरले, तेव्हा विजेच्या प्रवाहाने ही मोजमापे बिघडणार हे उघड होते. तिथले संचालक नानाभाई आर्देशिर फ्रामजी मूस यांनी अलिबागला नवी जागा उभी केली आणि १९०४ पासून दोन वर्षे दोन्हीकडे एकाच वेळी नोंदी ठेवल्या, म्हणजे जुने आकडे नव्या आकड्यांशी जुळवता यावेत. मूस गेले, इंग्रज गेले, अलिबागची नोंद आजही चालू आहे.

दोघेही आपापल्या कामात निष्णात. पण पुण्याची वेधशाळा एका माणसाभोवती उभी होती. कुलाब्याची नोंदवही पुढच्या माणसाच्या हाती देता येत होती.

हे लिहिताना मला माझा दवाखाना आठवतो. कपाटात तीस-पस्तीस वर्षांचे केसपेपर आहेत आणि माझे अक्षर माझ्याशिवाय कोणाला लागत नाही. मुलांनी वेगळे व्यवसाय धरले. गेल्या दिवाळीपासून एक तरुण डॉक्टर आठवड्यातून दोन दिवस येतात. आम्ही मिळून एकेक कागद वाचतो, ते स्वच्छ अक्षरात उतरवतात. हे दहा वर्षांपूर्वी करायला हवे होते.

आपल्या साहित्यसंस्थांनाही कपाट देणारे, पंखा देणारे दाते मिळतात, आणि त्यांचे ऋण मोठेच आहे. पण ग्रंथालयाचे दाखलपुस्तक आज जो ठेवतो, त्याच्या शेजारी बसून ते शिकणारे विशीतले कोणी आहे का? नसेल, तर पुढच्या रविवारी आपल्या घरातल्या एखाद्या मुलाला किंवा मुलीला सोबत घेऊन या.