कॅमेराही सुतक पाळतो : रोहन कानवडे यांचा सिनेमा

नव्या दिग्दर्शकाचा सिनेमा बघताना मी एक गोष्ट आधी बघतो : याचा कॅमेरा कुठे थांबतो आणि किती वेळ थांबतो. आज त्यासाठी रोहन परशुराम कानवडे यांचा ‘साबर बोंडं’ घेऊ या. 2025 मध्ये सनडान्स महोत्सवात जागतिक कथापट विभागाचा सर्वोच्च पुरस्कार या चित्रपटाला मिळाला. तिथे निवडला गेलेला हा पहिला मराठी कथापट.

कानवडे मुंबईत एका खोलीच्या घरात वाढले. वडील ड्रायव्हर. शिक्षण इंटिरियर डिझाइनचं. सिनेमा ते स्वतःच शिकले. 2016 मध्ये वडील गेले, तेव्हा गावी सुतकात काढलेल्या दिवसांतून या कथेचं बीज आलं.

कथा साधी आहे. मुंबईत कॉल सेंटरमध्ये काम करणारा आनंद वडिलांच्या दहा दिवसांसाठी आईबरोबर गावी येतो. काय खायचं, काय घालायचं, कुठे जायचं नाही, सगळं नातेवाईक ठरवतात. शिवाय ‘लग्न कधी?’ हा प्रश्न आहेच. आनंद समलिंगी आहे. हे आईला माहीत आहे, वडिलांनाही माहीत होतं. गावात त्याला लहानपणीचा मित्र बाळ्या भेटतो. त्याच्याही मागे लग्नाचा लकडा आहे.

आता शैलीकडे या. कॅमेरा बहुतेक वेळा एका जागी स्थिर. शॉट लांब. पार्श्वसंगीत नाहीच. हे फक्त पैसे कमी म्हणून केलंय का? मला तसं वाटत नाही. सुतकात माणूस काय करतो? बसून राहतो. कानवडेंचा कॅमेराही तसाच बसतो, म्हणजे जणू तोही सुतक पाळतो. आणि गंमत बघा, ज्या नियमांनी आनंदला जखडलंय, त्याच नियमांमुळे त्याला दहा दिवस गावात राहावं लागतं, आणि बाळ्याजवळ बसायला वेळ मिळतो. दोघांचं नातं संवादांतून कमी, जवळ असण्यातून जास्त कळतं. तिथे व्हायोलिन वाजलं असतं, तर काय वाटायला हवं हे आपल्याला आधीच सांगितलं गेलं असतं.

कुणी म्हणेल, सिनेमा संथ आहे. आहेच. पण अशा नात्यांवरच्या सिनेमांत आपल्याला एका दृश्याची सवय झालीये : घरच्यांना कळतं आणि स्फोट होतो. इथे आईला आधीच ठाऊक आहे. म्हणून प्रश्न बदलतो. घरानं स्वीकारलं, पण भावकीसमोर काय सांगायचं? हा ताण आरडाओरड्यात मावत नाही, त्याला शांतताच लागते.

नावातलं फळ तर तुम्ही खाल्लं असेल. निवडुंगाचं बोंड, वरून बारीक कुसं, आत लालभडक गोड गर. कुसं नीट काढल्याशिवाय तोंडाला लावता येत नाही. बाळ्या ती आनंदसाठी आणतो. त्याचा अर्थ दिग्दर्शक समजावत बसत नाही.

त्यांचा आधीचा लघुपट ‘उ उषाचा’ही मिळाला तर जरूर बघा. शेतमजूर उषा शाळेतल्या बाईंच्या ओढीनं अक्षरं शिकू लागते, तिथेही हाच संयम दिसेल. आता तुमचे प्रश्न घेऊ या.